पूर्व जर्मनीत गाडीसाठी खरंच दहा-बारा वर्षं थांबावं लागायचं का?
हो, आणि तेही ट्राबांटसाठी! त्स्विकाऊच्या कारखान्यात १९५७ ते १९९१ पर्यंत ही गाडी बनली, पण मागणीला कधी पुरली नाही. त्यामुळे अठरा पूर्ण झाले की लोक आधी नंबर लावून ठेवायचे. गंमत म्हणजे जुनी गाडी नव्यापेक्षा महाग जायची, कारण ती लगेच हातात मिळे.

पत्र्याचा तुटवडा, म्हणून बॉडी कापसाचा कचरा आणि रेझिन दाबून केलेली. इंजिन टू-स्ट्रोक, आपल्या जुन्या स्कूटरसारखं पेट्रोलमध्ये ऑइल मिसळायचं. कित्येक वर्षं पेट्रोलचा काटाच नव्हता. टाकी बॉनेटखाली, इंजिनाच्या अगदी शेजारी (!). झाकण उघडायचं, पट्टी बुडवायची, किती ओली झाली ते बघायचं.