थॉम्प्सन वाचायला घेतलास, म्हणून

प्रिय विद्यार्थिनीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. इंग्लंडचा कामगारवर्ग कसा घडला हे सांगणाऱ्या, इतिहासकार ई. पी. थॉम्प्सनच्या 'द मेकिंग ऑफ द इंग्लिश वर्किंग क्लास'ची पन्नास पानं वाचून दमलीस आणि एवढी नावं, एवढ्या सभा लक्षात कशा ठेवायच्या असं विचारतेस. ठेवू नकोस. आठशेहून जास्त पानांचा ग्रंथ आहे; परीक्षेच्या पुस्तकासारखा वाचलास तर हाती काही लागणार नाही.

त्यापेक्षा पहिल्याच प्रकरणापाशी थांब. जानेवारी 1792, लंडनमधली एक खानावळ. दिवसभराचं काम उरकून नऊ माणसं जमतात, ब्रेड, चीज आणि बिअर पोटात जाते, मग पाइप पेटतात आणि महागाईच्या गप्पा निघतात. आपल्यासारख्या कारागिरांना पार्लमेंटच्या सुधारणेबद्दल बोलायचा हक्क आहे का, हा त्यांचा प्रश्न. त्यांनी काढलेल्या संघटनेची, लंडन कॉरस्पॉन्डिंग सोसायटीची, वर्गणी आठवड्याला एक पेनी आणि पहिलाच नियम असा की सभासदांच्या संख्येला मर्यादा नसावी. राजकारण मूठभर जमीनदारांच्या घरचं असताना हे एका चांभाराने, थॉमस हार्डीने, मांडलं. दोन वर्षांत त्याच्यावर राजद्रोहाचा खटला भरला गेला. ज्यूरीने त्याला निर्दोष सोडलं.

लुडाइटांकडेही असंच बघ. यंत्रं फोडणारे अडाणी लोक, असं आपण शाळेत शिकलो. पण उत्तर इंग्लंडमधल्या यॉर्कशायरमध्ये लोकरी कापडाची लव अवजड कात्रीने कातरणारे कारागीर होते, त्यांनी हातोडा उचलण्याआधी कितीतरी वर्षं अर्ज केले, वकिलांवर पैसे घातले. त्यांना संरक्षण देणारे जुने कायदे पार्लमेंटने 1809 मध्ये रद्द केले. हातोडे पडले ते 1812 मध्ये. हा क्रम एकदा नीट पाहिलास की 'अडाणी' हा शब्द तुझ्या लेखणीतून उतरणार नाही. पुढच्या पिढ्यांच्या तुच्छतेतून या माणसांना सोडवायचं, यासाठीच थॉम्प्सनने 1963 मध्ये हे पुस्तक काढलं. तेव्हा तो त्याच यॉर्कशायरमध्ये प्रौढांचे वर्ग घेत होता, हे विसरू नकोस.

साधनांबाबत मात्र सावध राहा. त्या काळाची बरीच माहिती गृहखात्याच्या खबऱ्यांच्या अहवालांतून येते. खबऱ्याला बातमीचे पैसे मिळत, आणि बातमी नसली तर तो ती घडवी. म्हणून कोणताही कागद हातात आला की आधी विचार: हा कोणी लिहिला, कोणासाठी, आणि त्याच्या पदरात काय पडणार होतं?

आणि थॉम्प्सनलाही मान डोलवत वाचू नकोस. मेथडिस्ट या ख्रिस्ती पंथावर तो फार चिडून लिहितो, मला ते आजही पटत नाही. बायका त्याच्या पानांत फार कमी दिसतात, ही टीकाही रास्त आहे. हार्डीची बायको लिडिया घे. 1792 मध्ये तिने नवऱ्याला गावाकडून पत्र लिहिलं, त्यात गुलामांच्या व्यापाराविरुद्धच्या कायद्याचं काय झालं ते विचारलं आणि इथे साखर घालून चहा पिणाऱ्यांपेक्षा बिनसाखरेचा पिणारेच जास्त आहेत, असं कळवलं. साखर गुलामांच्या श्रमाची, म्हणून. तिचा नवरा तुरुंगात असतानाच ती बाळंतपणात गेली.

पुढच्या वेळी येशील तेव्हा लुडाइटांचं प्रकरण वाचून ये. लिडियाबद्दल कुठे काही सापडलं तर वेगळ्या कागदावर टिपून आण, आपण दोघं मिळून बघू.

तुझे,
सर