‘द स्वॉर्म’ मालिका बघावी का? त्यातलं विज्ञान कितपत खरं?

जरूर बघा. २०२३ची ही ८ भागांची मालिका फ्रांक शेत्सिंगच्या २००४च्या जर्मन कादंबरीवर आहे. देवमासे बोटींवर हल्ले करतात, आणि त्यामागे असतात खोल समुद्रातले एकपेशीय जीव, एकत्र येऊन विचार करणारे. असा बुद्धिमान जीव अजून कुणाला सापडलेला नाही. पण जीवाणू रासायनिक संदेश पाठवून एकजुटीनं वागतात, हे सिद्ध झालंय. मालिकेत दिसणारा, समुद्रतळाशी बर्फात अडकलेला मिथेन वायूही खराच. आणि मालिकेतल्यासारखी त्सुनामीही घडलेली आहे: नॉर्वेजवळ सुमारे ८ हजार वर्षांपूर्वी समुद्रतळाचा उतार घसरून ती आली होती.

मधले भाग मला जरा संथ वाटले. तरी २०१९च्या महापुरात आयर्विन पुलापाशी कृष्णेच्या पाण्याची पातळी विचारत रात्री काढलेल्या आम्हा सांगलीकरांना ही भीती लगेच कळते. शास्त्रज्ञ सांगतायत आणि अधिकारी ऐकत नाहीत, ते प्रसंग तर नीट बघाच.