वाऱ्याचा ठिपका वर की खाली?

ई६बीवर, म्हणजे वैमानिकांच्या हाताने फिरवायच्या गणकयंत्रावर, हेडिंगची (विमानाचं नाक ज्या दिशेला ठेवायचं तिची) वाऱ्यासाठीची दुरुस्ती दर वेळी उलट्या बाजूला येते आणि प्रवासाचा वेळ कमी निघतो, असं तुम्ही लिहिलंय. वाचताक्षणी दुखणं ओळखलं. स्लाइड कशी सरकवायची वगैरे तुम्हाला येत असणार, ते सोडून देतो.

ई६बीवर वाऱ्याचा ठिपका (वाऱ्याची दिशा आणि वेग दाखवणारी पेन्सिलची खूण) दोन पद्धतींनी मारतात. मधल्या भोकाच्या वर मारला, तर ट्रू इंडेक्सखाली (वरच्या दिशादर्शक खुणेखाली) कोर्स, म्हणजे जमिनीवरच्या मार्गाची दिशा, ठेवून ठिपका ट्रू एअरस्पीडच्या (हवेतल्या खऱ्या वेगाच्या) कमानीवर आणायचा आणि ग्राउंडस्पीड (जमिनीच्या मानाने वेग) भोकाखाली वाचायचा. ठिपका डावीकडे, तर दुरुस्ती डावीकडे. खाली मारला, तर भोक एअरस्पीडवर, इंडेक्सखाली हेडिंग, ग्राउंडस्पीड ठिपक्यापाशी, आणि ठिपका दाखवतो तो ड्रिफ्ट (वाऱ्याने विमान बाजूला ढकललं जाणं), म्हणून दुरुस्ती विरुद्ध बाजूला. दोन्ही बरोबर आहेत, पण भेसळ केली की गेलंच.

कोर्स ०९० अंश, वारा ०३० अंशांवरून २० नॉट (तासाला नॉटिकल मैल), एअरस्पीड १०० घ्या. ठिपका वर मारून नीट वाचलं तर हेडिंग ०८०, ग्राउंडस्पीड ८८ च्या आसपास, ६६ नॉटिकल मैलांना ४५ मिनिटं. तोच ठिपका दुसऱ्या पद्धतीने वाचला तर १११ नॉट, दुरुस्ती उजवीकडे आणि वेळ ३६ मिनिटं. आणि पुढे इंधन मोजायचं ते याच ३६ वर!

मी शिकलो तिथे वर्गात एक पद्धत शिकवायचे आणि हातात दिलेल्या कागदावर पायऱ्या दुसरीच्या. ऑफिसात कागद दाखवला तर “सराव वाढवा” एवढंच उत्तर. चुकीचाच सराव वाढला. फेरपरीक्षेची फी घ्यायला मात्र कुणी उशीर केला नाही. असो.

माझं मत, पटलं तर घ्या: एक पद्धत धरा, दुसरीचा कागद कपाटात ठेवा. यंत्राला हात लावण्याआधी वारा कुठल्या बाजूचा, समोरचा की मागचा, हे तोंडाने म्हणा. दुरुस्ती नेहमी वारा जिकडून येतो त्या बाजूला. उत्तर याच्याशी जुळलं नाही तर पुढे जाऊ नका. इलेक्ट्रॉनिक कॅल्क्युलेटर तोवर बंदच बरा. तो उत्तर देतो, पण वारा कुठून येतोय हे डोळ्यांना दाखवत नाही.

अर्थात मी प्रशिक्षक नाही. परीक्षेत कोणती पद्धत मागतात ते तुमच्या प्रशिक्षकालाच विचारा. आणि हवामानाच्या लेखी अंदाजातला वारा ट्रू (खऱ्या उत्तरेपासून मोजलेला) असतो, विमानतळाचा टॉवर बोलून सांगतो तो मॅग्नेटिक (होकायंत्राच्या उत्तरेपासून), तेवढं बघा.

पेन्सिल मऊ वापरा, आणि प्लॅस्टिकचा ई६बी उन्हातल्या गाडीत ठेवू नका, वाकतो.