ज्यू गल्लीत फिरायचंय, गाइड घ्यावा का?

या वेळी एकाच विषयावर इतकी पत्रं आली की बाकीचे प्रश्न पुढच्या अंकात घेते. मी स्वतः पणजीत आणि जुन्या गोव्यात हेरिटेज वॉक घेते, त्यामुळे हा विषय माझ्या जवळचा आहे आणि उत्तरं जरा लांबली तर सांभाळून घ्या.

प्रश्न: ताई, दिवाळीनंतर आम्ही कोचीला जातोय, सासूबाई पण आहेत बरोबर. मट्टनचेरीचं ज्यू टाउन बघायचंय. मिस्टर म्हणतात एकच तर गल्ली आहे, सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ) बघायचं, मसाले घ्यायचे आणि परत, त्याला गाइड कशाला? (फोंडा)

उत्तर: मिस्टरांचं अर्धं बरोबर आहे. गल्ली खरंच छोटी आहे, भरभर चाललात तर पंधरा मिनिटांत संपते, आणि म्हणूनच गाइड घ्या असं मी म्हणेन. आपले आपण गेलो की दोन्ही बाजूंना जुन्या वस्तूंची आणि मसाल्यांची दुकानं, टोकाला परदेसी सिनेगॉग, खाली निळ्या-पांढऱ्या टाइल्स, वर काचेची झुंबरं, झालं, संपलं. जाणता माणूस बरोबर असला तर त्याच जागेत दोन तास कसे जातात कळत नाही.

हे सिनेगॉग 1568 चं. कोचीच्या राजाने आपल्या राजवाड्याला अगदी लागून जागा दिली म्हणून ते तिथे उभं राहिलं, शेजारी राजाचं देऊळ, पलीकडे राजवाडा, एकाची भिंत दुसऱ्याला टेकलेली. 1662 मध्ये पोर्तुगीजांनी त्याची नासधूस केली, कारण ज्यू लोक डचांच्या बाजूने होते, आणि पुढच्याच वर्षी डचांनी कोची घेतली तेव्हा कुठे तिथल्या लोकांना श्वास घेता आला. टाइल्स नंतरच्या, अठराव्या शतकात चीनमधून आणलेल्या, हाताने रंगवलेल्या. जरा खाली वाकून दोन शेजारशेजारच्या टाइल्स बघा, फांदीचा बाक वेगळा असतो, निळा रंग एकीवर दाट आणि दुसरीवर फिका उतरलेला असतो. उभ्याने बघून हे दिसत नाही.

पण गाइडला एक गोष्ट मुद्दाम विचारा. मुख्य प्रार्थनागृहाच्या आधी एक बाहेरची खोली लागते. ज्यांचे पूर्वज कधीकाळी गुलाम होते आणि नंतर मुक्त झाले अशा ज्यू कुटुंबांना या सिनेगॉगमध्ये आत बसू देत नसत, त्यांची जागा बाहेर. देवाच्या दारातली ही शिवाशिव आपल्याला काही नवीन नाही, म्हणून तर जास्त लागते. त्याच कुटुंबांमधले अब्राहम बराक सालेम (1882 ते 1967) वकील झाले आणि गांधीजींच्या मार्गाने याच सिनेगॉगमध्ये सत्याग्रह केला, तेव्हा हळूहळू नियम सैल झाले. ते राहायचे त्या रस्त्याला आज त्यांचं नाव आहे. जो गाइड टाइल्स आणि झुंबरं सांगून सालेमांबद्दल गप्प बसतो त्याने तुम्हाला अर्धीच गल्ली दाखवली असं समजा. आणि हे एकच सिनेगॉग नव्हतं हेही विचारा, मलबारी ज्यू इथे परदेसींच्या, म्हणजे नंतर बाहेरून आलेल्या ज्यूंच्या, कितीतरी आधीपासून होते, त्यांची सिनेगॉग वेगळी, 1950 च्या दशकात त्यातले बहुतेक लोक इस्रायलला गेले. मट्टनचेरीतल्याच कडवुंभागम सिनेगॉगचं आतलं लाकूडकाम आता जेरुसलेमच्या म्युझियममध्ये आहे.

बाकी व्यवहाराचं. शुक्रवार-शनिवार धरू नका, त्यांचे सण असले तरी बंद असतं. चपला बाहेर, खांदे आणि गुडघे झाकलेले, आत फोटो नाही. मडगावहून रात्रीच्या गाडीने एर्नाकुलम, पुढे वॉटर मेट्रोने फोर्ट कोची आणि तिथून रिक्षा, सासूबाईंना हे सोपं जाईल. त्या दिवसांत तिकडे दुपारनंतर गडगडून पाऊस येतो तेव्हा वॉक सकाळचाच घ्या.

प्रश्न: मुलगी लिस्बनला असते, आम्ही दोघं मे महिन्यात तिच्याकडे जाणार. ती म्हणते बाबा, ज्यू क्वार्टरचा वॉक बुक करते. पण तिथे म्हणे बघण्यासारखं काहीच उरलेलं नाही. पैसे वाया जातील का? (मडगाव)

उत्तर: काका, बुक करू द्या तिला. तुम्ही गोव्याचे आहात म्हणून तर नक्कीच जा.

बघायला कमी आहे हे खरं. अल्फामा भागात रुआ दा ज्युदियारिया नावाची गल्ली आहे, 1755 च्या भूकंपात अल्फामा बऱ्यापैकी वाचला म्हणून जुन्या गल्ल्यांचं वळण तरी समजतं. पण 1497 मध्ये राजा मानुएलने ज्यूंना जबरदस्तीने बाप्तिस्मा द्यायला लावला, त्यानंतर कागदावर पोर्तुगालमध्ये ज्यू उरलेच नाहीत, सगळे नव-ख्रिस्ती. मग सिनेगॉग कुठून दिसणार. 1506 मध्ये ईस्टरच्या दिवसांत साओ दोमिंगोस चर्चपासून दंगल पेटली आणि याच नव-ख्रिस्ती लोकांची कत्तल झाली, मेलेल्यांचा आकडा दोन हजारांच्या आसपास सांगतात. चर्चसमोरच्या चौकात आता त्याचं स्मारक आहे, दगडात कोरलेली सहा टोकांची चांदणी. तिथून जवळच रोसियो चौकात राष्ट्रीय नाट्यगृह आहे, त्या जागी पूर्वी इन्क्विझिशनचा, म्हणजे धर्मद्रोहाचे खटले चालवणाऱ्या न्यायालयाचा, वाडा होता. तिथे जरा थांबा काका, कारण त्याच कारभाराची शाखा नंतर आपल्याकडे आली. मुलीला एवढंच सांगा की बुक करण्याआधी वॉकमध्ये 1497 आणि 1506 बद्दल काय सांगतात ते विचारून घे. नुसतं खाणं-पिणं आणि सुंदर बाल्कन्या असतील तर दुसरा शोध.

प्रश्न: मी कॉलेजात इतिहास शिकते, प्रोजेक्टसाठी गोव्यातल्या ज्यू लोकांवर एक वॉक आखायचाय. गोव्यात ज्यू गल्ली होती का, कुठे होती, आता काय दाखवता येईल? सर म्हणतात काही मिळणार नाही, विषय बदल. (म्हापसा)

उत्तर: बाय, विषय अजिबात बदलू नकोस.

मट्टनचेरीसारखी दाखवता येईल अशी गल्ली आपल्याकडे नाही, सिनेगॉगही नाही, हे आधी मान्य कर आणि वॉकच्या पहिल्या मिनिटाला लोकांना सांगून टाक. का नाही, हाच तुझा वॉक.

सुरुवात पोर्तुगीजांच्या आधीपासून कर. 1498 मध्ये वास्को द गामा परत जाताना अंजदीव बेटापाशी थांबला होता, कारवारच्या समोरचं ते बेट आजही गोव्यात मोडतं. तिथे त्याला भेटायला एक माणूस आला, आदिलशाहाच्या पदरी असलेला ज्यू, मूळ पोलंडचा असं तो सांगायचा. गामाने त्याला पकडलं, मारहाण करून माहिती काढली, बाप्तिस्मा दिला आणि गास्पार द गामा असं नाव ठेवून पोर्तुगालला नेलं. 1500 मध्ये पोर्तुगीज दर्यावर्दी काब्रालच्या ताफ्यातून हाच गास्पार ब्राझीललाही पोचला. म्हणजे पोर्तुगीजांनी गोवा घ्यायच्या आधी इथल्या दरबारात ज्यू माणूस होता. अंजदीवला काही वॉक नेता येणार नाही, नौदलाचा ताबा आहे, पण ही गोष्ट मांडवीच्या काठावर उभं राहून सांगता येते.

मग पणजी. चर्च स्क्वेअरची बाग सगळ्यांना माहीत आहे, आपण म्युनिसिपल गार्डन म्हणतो, मधल्या खांबावर आता अशोकस्तंभाचे सिंह आहेत. तिचं नाव गार्सिया द ओर्ता. बाकावर बसलेल्या लोकांना विचार हा कोण, बहुतेक कोणीतरी पोर्तुगीज गव्हर्नर असेल म्हणतील. तो डॉक्टर होता. आईवडील स्पेनमधून 1492 मध्ये हाकलले गेलेले ज्यू, पुढे पोर्तुगालमध्ये जबरदस्तीने ख्रिस्ती केलेले. गार्सिया 1534 मध्ये गोव्याला आला आणि शेवटपर्यंत इथेच राहिला. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशाहाला औषधं द्यायचा, मुंबई बेट त्याच्याकडे भाडेपट्ट्याने होतं, आणि 1563 मध्ये गोव्यातच छापलेलं त्याचं पुस्तक हिंग, आंबा, नारळ, विड्याचं पान, पटकी अशा सगळ्या आपल्या रोजच्या गोष्टींवर आहे, दोन डॉक्टरांच्या गप्पांसारखं लिहिलेलं. त्यातला एखादा उतारा बागेतच वाचून दाखव, लोक लगेच जवळ येऊन ऐकतात हा माझा अनुभव आहे.

आता कठीण भाग. गोव्यात इन्क्विझिशन 1560 मध्ये सुरू झालं. गार्सिया 1568 मध्ये वारला, म्हणजे तो आणि ते न्यायालय एकाच शहरात आठ वर्षं होते. तो गेल्यावर त्याची बहीण कातारिना हिला पकडलं आणि 1569 मध्ये जिवंत जाळलं. नातेवाइकांच्या जबान्यांमधून गार्सिया मनाने ज्यूच राहिला होता असं पुढे आलं, म्हणून 1580 मध्ये त्याची हाडं उकरून काढून जाळली. आज त्याच्या नावाची बाग आहे आणि ज्या बहिणीने हे सगळं अंगावर घेतलं तिच्या नावाचा साधा दगडही मी गोव्यात पाहिलेला नाही. तू वॉकमध्ये कातारिनाचं नाव घेच.

हे कुठे सांगायचं? जुन्या गोव्याला, से कॅथेड्रलच्या चौकात. पणजी स्टँडवरून फोंड्याची कदंबा घे आणि सर्कलला उतर. इन्क्विझिशनचा वाडा याच चौकात होता, लोक त्याला व्हडलें घर म्हणायचे. 1812 मध्ये इन्क्विझिशन कायमचं बंद झालं, बहुतेक कागदपत्रं नष्ट झाली, पुढे वाडाही पाडला. आता गवत आहे आणि सहलीची मुलं. मी इथे ग्रुपला चर्चकडे पाठ करून उभं करते, नाहीतर सगळे से कॅथेड्रलकडेच बघत राहतात आणि त्या मोकळ्या जागेवर नजरच ठरत नाही. तिथून फोंड्याच्या रस्त्याला सेंट पॉल कॉलेजची एकटी कमान उभी आहे, गोव्यात छापखाना 1556 मध्ये आला तो त्या कॉलेजात, गार्सियाच्या पुस्तकाची गोष्ट तिथे संपव.

दोन गोष्टी सांभाळ. एक, जुन्या घरावर किंवा खिडकीवर सहा टोकांची चांदणी दिसली की हे ज्यूंचं घर असं ठोकून देणारे लोक भेटतात, तसं करू नकोस, तो षट्कोण आपल्या देवळांतही असतो. दुसरी, इन्क्विझिशनचा विषय निघाला की ग्रुपमध्ये कोणीतरी आवाज चढवतंच. हिंदू, नव-ख्रिस्ती, ज्यू, सगळे त्या घरात भरडले गेले, पुढे पुढे तर बाटल्यावरही घरात जुने रीतिरिवाज पाळणारे आपलेच लोक जास्त पकडले गेले, ते सगळं सांग, आणि ग्रुपमध्ये उभ्या असलेल्या आजच्या कॅथलिक शेजाऱ्याला त्याचा जाब द्यावा लागतोय असं त्याला वाटता कामा नये. शांतपणे, तारखांसकट सांगितलं की भांडण होत नाही. 24 नोव्हेंबर ते 3 डिसेंबर मात्र वॉक ठेवू नकोस, गोंयच्या सायबाच्या (सेंट फ्रान्सिस झेवियरच्या) नोव्हेना आणि फेस्ताच्या गर्दीत तुझा आवाज कोणाला ऐकू येणार नाही, आणि त्या दिवसांत ती जागा भाविकांची असते.

सरांना सांग, विषय आहे. लिहून झालं की मला पाठव, मी आवडीने वाचेन.

प्रश्न: आमच्या ओळखीत एक पेणकर होते, नंतर कळलं ते ज्यू. मराठी इतकं छान बोलायचे! या लोकांची वस्ती जवळपास कुठे बघता येईल? (पेडणे)

उत्तर: ते बेने इस्रायल. रायगड जिल्ह्यातले, म्हणून आडनावं पेणकर, रोहेकर, नवगावकर, दिवेकर अशी गावावरून, आपल्यासारखीच. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे म्हणून गावात शनवार तेली. अलिबागला इस्रायल आळी आहे, तिथे मागेन अबोथ सिनेगॉग आहे, आणि जवळ नवगावला त्यांची जुनी दफनभूमी, त्यांच्या सांगण्याप्रमाणे पूर्वजांचं जहाज तिथेच फुटलं होतं. मुंबईला जाणार असाल तर मशीद बंदरजवळ 1796 चं शार हारहमीम सिनेगॉग बघा, ते समाजी हसाजी दिवेकरांनी बांधलं.

इथे कोचीसारखी पर्यटकांची रांग नाही, त्यामुळे आधी निरोप देऊन, परवानगी घेऊन जा, शनिवार टाळा, पुरुषांनी टोपी किंवा रुमाल बरोबर ठेवा. देखभाल करणारी मंडळी मराठीच बोलतात, तेव्हा वेगळ्या गाइडची गरज पडणार नाही. मलिदा कसा करतात ते नक्की विचारा, पोहे, गूळ, खोबरं, एलियाहू हन्नाबी या त्यांच्या प्रेषिताच्या नावाने ठेवतात. निघताना दानपेटीत काहीतरी टाका, या वास्तूंची डागडुजी मोजक्या घरांच्या खांद्यावर आहे.