सर, ११ लाख आत्ताच भरू नका

प्रश्न: मी निवृत्त माध्यमिक शिक्षक, कऱ्हाडजवळ राहतो. गावच्या पतसंस्थेत पाच वर्षं संचालक होतो. संस्था आता अवसायनात आहे, म्हणजे बंद करून तिची देणी-येणी मिटवली जाताहेत. सहकार कायद्याच्या कलम ८३ च्या चौकशीत १ कोटी ४३ लाखांचं नुकसान दाखवलंय आणि कलम ८८ खाली आम्हा १३ संचालकांना नोटिसा आल्यात. मेहुणे म्हणतात, वाटणीचे ११ लाख भरून मोकळे व्हा. मुलगा म्हणतो, घर माझ्या नावावर करा. ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत दीड वर्षापूर्वी १२ लाख ठेवलेत. मोडू का?

उत्तर: सर, मोडू नका. निदान कलम ८८ चा आदेश हातात पडेपर्यंत तरी नाही.

मेहुण्यांचा भागाकार बरोबर आहे, पण कायदा असा भागाकार करत नाही. संचालक मंडळाच्या निर्णयांची जबाबदारी संयुक्त आणि वैयक्तिक असते. ११ लाख भरलेत म्हणून उरलेल्या १ कोटी ३२ लाखांतून सुटलात, असं कुणी लिहून देणार नाही. उलट तो भरणा कबुलीसारखा वाचला जाईल.

कलम ८३ मध्ये संस्थेचा कारभार तपासतात. तुमच्याकडून किती घ्यायचे, हे ८८ मध्ये ठरतं. तिथे प्राधिकृत अधिकाऱ्याला आरोप ठेवावे लागतात, म्हणणं मांडायची वाजवी संधी द्यावी लागते, मगच आदेश. हे काम दोन वर्षांत संपवायचं असतं, फार तर सहा महिने मुदतवाढ.

तुमच्या पत्रातली एक ओळ मी दोनदा वाचली. सगळ्यात मोठं कर्ज मंजूर झालं त्या दिवशी तुम्ही मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी दवाखान्यात होता, आणि तो विषय अजेंड्यावर नव्हताच, 'ऐनवेळचे विषय' म्हणून घुसवला. अहो, मग हेच तर अधिकाऱ्यासमोर जायला हवं! प्रोसिडिंग बुक आता अवसायकाच्या, म्हणजे संस्था गुंडाळायला नेमलेल्या अधिकाऱ्याच्या ताब्यात असणार. त्या सभेचं इतिवृत्त, हजेरीच्या सह्या, सभेची नोटीस आणि ८३ चा अहवाल यांच्या प्रमाणित प्रती लेखी मागा. अर्जाच्या तुमच्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. प्रती नाहीच दिल्या, तर अपिलात तोच कागद बोलेल.

पुढच्या सभेत ते इतिवृत्त कायम करताना तुमची सही झाली होती का, तेही बघा. झाली असेल तर समोरचे पहिल्यांदा तेच पान उघडतील. वकिलांना हे आधीच सांगा, लपवू नका.

तारखेला स्वतः जा, तुमचं म्हणणं रोजनाम्यात (सुनावणीच्या त्या दिवसाच्या नोंदीत) आलंय का ते वाचून मगच सही करा. माझ्याकडे आलेले एक माजी संचालक 'तारीख पुढे गेलीय' या तोंडी निरोपावर घरी बसले. एकतर्फी आदेश झाला. नंतर दोन वर्षं ते फक्त 'माझं ऐकलं नाही' एवढंच सिद्ध करत होते.

आता पैशांचं. आज खातं बंद केलंत तर दीड टक्का, म्हणजे १८,००० रुपये कापले जातील. दोन वर्षं पूर्ण झाल्यावर तीच कपात १२,००० होते. ८.२ टक्क्यांनी तिमाहीला २४,६०० रुपये व्याज येतं. घर पेन्शनवर चालतं असं तुम्ही लिहिलंय, तेव्हा पुढच्या तीन तिमाह्यांचे ७३,८०० वकील, प्रती आणि प्रवासासाठी वेगळ्या खात्यात राहू द्या. मुद्दलाला हात नको. नवी विमा पॉलिसी किंवा मुलाच्या धंद्यात उसनवारीही सध्या नको, कारण आदेश विरुद्ध गेला तर रक्कम व्याजासह मागता येते आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते. कलम १५२ खाली अपिलाला दोन महिने मिळतात. आदेश ज्या दिवशी हाती पडेल, ती तारीख पाकिटावरच लिहून ठेवा.

राहिलं घर. मुलाच्या नावे बक्षीसपत्राला मुद्रांक शुल्क २०० रुपये, म्हणून मोह होतो. पण नोटीस आल्यावर केलेलं हस्तांतरण ज्यांचं देणं आहे त्यांना चुकवण्यासाठी होतं असं ठरलं, तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५३ खाली ते रद्द होऊ शकतं. तुम्ही मालमत्ता फिरवताय असा संशय आला तर सहकार कायद्याच्या कलम ९५ खाली सशर्त जप्तीही येऊ शकते. आज तुम्ही दवाखान्यात असलेले संचालक आहात. बक्षीसपत्र केलंत की घर लपवणारे संचालक व्हाल. मुलाला मदत करायचीच असेल तर त्याला त्या ऑपरेशनचं डिस्चार्ज कार्ड शोधायला लावा.