जुन्या कुंगफूपटांच्या फायली: वाचकांचे प्रश्न

फाइल शेअरिंगच्या काळात जमवलेल्या हाँगकाँगच्या मारधाडपटांबद्दल पत्रे येतात, आणि घोळ बहुतेक तोच असतो. म्हणून काही प्रश्न एकदमच घेतो.

प्रश्न : एकाच सिनेमाच्या 700 एमबीच्या दोन फायली का?

एका सीडीवर तेवढेच मावायचे म्हणून.

प्रश्न : आवाज येतो, चित्र दिसत नाही. फाइल गेली का?

बहुधा नाही. डिव्हएक्सची (त्या काळच्या एका व्हिडिओ प्रकाराची) फाइल असेल, तर व्हीएलसी या मोफत प्लेअरमध्ये लावून पाहा. ‘कोडेक पॅक’ (व्हिडिओ उलगडणारी सॉफ्टवेअरची गाठोडी) घ्या म्हणणाऱ्या अनोळखी साइटवरून मात्र काहीही उतरवू नका.

प्रश्न : शॉ ब्रदर्स या हाँगकाँगच्या चित्रपट कंपनीचा एक सिनेमा आता एचडीत मिळाला. कॅसेटवरून केलेली जुनी, अंधूक फाइल उडवू का? मित्र म्हणतो, तिचा आता उपयोग नाही.

उडवू नका! हा सल्ला कोण देत सुटलंय कळत नाही, पण त्यापायी संग्रह रिकामे होताहेत. शॉ ब्रदर्सचा चित्रपटसंग्रह 2000 साली सेलेस्टियल पिक्चर्स या कंपनीकडे गेला आणि 2002 पासून साफसूफ केलेल्या डिस्क येऊ लागल्या. चित्र देखणे, यात वाद नाही. पण त्यातल्या कित्येक डिस्कवर मूळ मोनो (एकाच वाहिनीच्या) आवाजाऐवजी नव्याने मिसळलेला 5.1 (सहा वाहिन्यांचा) आवाज आहे आणि तलवारींचा खणखणाटही नवा घातलेला. परदेशांसाठी केलेले इंग्रजी डबिंगही बऱ्याचदा कॅसेटवरच सापडते.

कॅसेटचे चित्र मात्र खरोखर वाईट. 2.35 : 1 ची (रुंदी : उंची) रुंद चौकट जुन्या टीव्हीच्या 4 : 3 मध्ये बसवली की सुमारे 43 टक्के रुंदी कापली जाते. भाला पडद्याच्या कडेबाहेर जातो आणि लागला कोणाला, ते दिसतच नाही. म्हणून चित्र डिस्कचे आणि आवाज कॅसेटचा, असा मेळ रसिकांनी घरबसल्या घातला. तो सोपा नाही. पाल या टीव्ही पद्धतीच्या कॅसेटवर सेकंदाला 24 चित्रांचा सिनेमा 25 ने धावतो, म्हणजे 100 मिनिटांचा 96 मिनिटांत संपतो. आवाज तेवढा ताणून घ्यावा लागतो. त्यासाठी तुमची ती अंधूक फाइलच लागते, तीही पुन्हा एन्कोड न केलेली (दुसऱ्या स्वरूपात न बदललेली). दोन ठिकाणी प्रती ठेवा, चेकसम (फाइल बदलली का ते सांगणारा आकडा) काढा आणि त्या सिनेमाच्या आवृत्त्या ओळखणाऱ्या जाणकाराला दाखवा. तोवर डिलीटला हात लावू नका.

प्रश्न : एआयने व्हीसीडीचे ‘फोर के’ करून देतो म्हणतात. पैसे द्यावेत का?

नाही. पाल व्हीसीडीचे चित्र 352 गुणिले 288 ठिपक्यांचे. त्यात नाही ते यंत्र अंदाजाने भरते. चेहरे मेणाचे होतात आणि वेगवान ठोशांत बोटे एकमेकांत विरघळतात. हौस असेल तर प्रतीवर करा, मूळ फाइलवर नको.

प्रश्न : घरी राइट केलेल्या सीडी पुढच्या सुट्टीत उतरवल्या तर चालेल?

आज संध्याकाळीच बसा. अशा सीडीतला रंगद्रव्याचा थर काळानुसार बिघडतो आणि आधी सांगत नाही. अडखळणारी डिस्क पुन्हापुन्हा फिरवू नका, टूथपेस्टचे ऐकीव उपायही नकोत. डेटा रिकव्हरीवाल्याला दाखवा.

प्रश्न : इतके जुने सिनेमे कॉपीराइटमुक्त असतात ना? टोरंटवर ठेवू?

ऐकीव गोष्ट. हाँगकाँगच्या आजच्या कायद्यात सर्वसाधारणपणे दिग्दर्शक, पटकथाकार, संवादलेखक आणि संगीतकार यांतल्या शेवटच्या व्यक्तीच्या मृत्यूनंतर 50 वर्षे हक्क राहतो. शिवाय तुमच्या देशाचा नियम वेगळा. ठेवण्याआधी वकिलाला विचारा.