तो भुवयावाला दांडगा कोण?

प्रश्न : गणपतीत आमच्या मंडळानं पडदा लावून चार्ली चॅप्लिनच्या जुन्या मूक फिल्म दाखवल्या. पोरं हसून लोळत होती, पण माझं लक्ष सारखं त्या दुसऱ्या माणसाकडं, दाढीवाला, राक्षसासारखा, कधी गुंड तर कधी वेटर. कोण हा? पुढं काय झालं त्याचं?
– एक वाचक, मंगळवार पेठ, कोल्हापूर

उत्तर : तुम्ही त्याच्याकडं बघितलंत याचाच मला लई आनंद झाला, कारण त्याच्याकडं कुणी बघतच नाही. त्याचं नाव एरिक कॅम्पबेल. जन्म 1880 चा, ब्रिटिश माणूस, चॅप्लिनसारखाच फ्रेड कार्नोच्या नाटक कंपनीत तयार झालेला. 1916 मध्ये म्युच्युअल फिल्म कंपनीनं चॅप्लिनला आठवड्याला 10 हजार डॉलरवर घेतलं, त्या करारात 12 फिल्म झाल्या आणि त्यातल्या 11 मध्ये कॅम्पबेल आहे, फक्त 'वन एएम'मध्ये नाही कारण तिथं चॅप्लिन जवळजवळ एकटाच आहे.

उंची जवळपास साडेसहा फूट, आणि भुवया काळ्याकुट्ट रंगवून कपाळाकडं चढवलेल्या, त्या अशासाठी की मागच्या बाकावरच्या माणसालाही राग दिसला पाहिजे, आवाज नव्हता ना. 'इझी स्ट्रीट' परत बघा. चॅप्लिन पोलीस झालाय, दांडक्यानं याच्या डोक्यात हाणतोय, याला काहीच होत नाही. मग ताकद दाखवायला हा रस्त्यावरचा गॅसचा दिवा दोन्ही हातांनी वाकवतो, चॅप्लिन टुणकन पाठीवर चढतो, दिवा त्याच्या डोक्यावर ओढतो आणि गॅस सोडतो. शूटिंगच्या वेळी तो दिवा चॅप्लिनच्याच नाकावर आपटला होता. आता सांगा, समोर किरकोळ माणूस असता तर हा सीन उभा राहिला असता का? खासबागच्या कुस्तीच्या मैदानात जोड बरोबरीची लागते, इथं उलटं, जोड जेवढी विजोड तेवढी मजा, आणि ते वजन कॅम्पबेलनं उचललंय असं माझं स्पष्ट मत आहे. नुसता दांडगटपणा पण नाही हं, 'द क्युअर'मध्ये तो पायाला बँडेज बांधलेला पेशंट आहे, फिरत्या दारात तो पाय अडकतो तेव्हाचा चेहरा बघा.

पुढचं लिहिताना वाईट वाटतं. 1917 च्या जुलैमध्ये त्याची बायको अचानक हार्ट ॲटॅकनं गेली, त्यानंतर लगेच मुलीला गाडीनं उडवलं, ती वाचली पण जबर जखमी झाली. आणि 20 डिसेंबरला पार्टीवरनं परत येताना, दारू पिऊन गाडी चालवत असताना, लॉस एंजेलिसमध्ये ॲक्सिडेंटमध्ये तो स्वतः गेला. वय 37. पडद्यावरचं सगळं काम दीड-दोन वर्षांचं. अस्थी न्यायला कुणी आलं नाही, त्या वर्षानुवर्षं तशाच पडून होत्या, शेवटी 1952 मध्ये पुरल्या.

त्याच 1917 साली आपल्याकडं बाबूराव पेंटर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी करत होते. त्यांच्या 'सैरंध्री'तला कीचकवध लोकांना इतका खरा वाटला की सीन कापावा लागला, म्हणजे मोठ्या अंगाचा दुष्ट माणूस पडद्यावर पडला की थिएटरात काय होतं ते कोल्हापूरला लवकरच कळलं.

प्रश्न : अशा नटाला मराठीत काय म्हणायचं?
– तेच वाचक

उत्तर : छापताना चरित्र अभिनेता लिहितात, शूटिंगवरची माणसं कॅरेक्टर आर्टिस्ट म्हणतात, दोन्ही चालतं. आणि मंडळानं पुढच्या वर्षी परत पडदा लावला तर 'द इमिग्रंट' लावायला सांगा, त्यात दहा सेंट कमी पडले म्हणून एका गिऱ्हाइकाला वेटर लोक बडवतात, आणि त्यानंतर चॅप्लिननं दिलेलं नाणं हा हेडवेटर दातानं चावून बघतो, नाणं वाकतं, आणि त्या भुवया हळूहळू वर चढायला लागतात.